न भरणारी जखम : अभिजात सुपरहिरो-चित्रकथांतील आघात आणि पुनरावृत्ती

१

अमेरिकन सुपरहिरो-चित्रकथांविषयी गांभीर्याने लिहिल्या जाणाऱ्या समीक्षेत एक कालविभागणी आता जवळजवळ रूढ झाली आहे. या विभागणीनुसार १९८६ हे वर्ष सीमारेषा ठरते. त्या वर्षी फ्रँक मिलर यांची ‘द डार्क नाइट रिटर्न्स’ प्रसिद्ध झाली आणि अ‍ॅलन मूर व डेव्ह गिबन्स यांच्या ‘वॉचमेन’चा पहिला अंक बाहेर पडला. या सीमेनंतरच्या चित्रकथा प्रौढ, मनाच्या अंधाऱ्या कोपऱ्यांत शिरणाऱ्या, म्हणून अभ्यसनीय. तिच्या आधीच्या चित्रकथा भडक रंगांच्या, बाळबोध, फार तर समाजशास्त्राच्या विद्यार्थ्याला उपयोगी पडतील अशा, असे गृहीत धरले जाते. विद्यापीठीय अभ्यासक्रमांत आणि प्रबंधांत १९८६ नंतरच्या मोजक्याच संहितांना पुन्हापुन्हा स्थान मिळते, त्यामागे हेच गृहीतक उभे आहे.

हे गृहीतक तपासून पाहणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. लेखातील प्रतिपादन थोडक्यात असे : सुपरहिरो-चित्रकथेतील मानसिक अंधार १९८६ मध्ये बाहेरून आणला गेला नाही. तो या वाङ्मयप्रकाराच्या रचनेतच, अगदी १९३९ पासून, वसत आलेला आहे. आघाताचा एक क्षण, त्या क्षणी घेतलेली शपथ, आणि ती शपथ कधीही पूर्ण होऊ न देणारी क्रमशः प्रकाशनाची पद्धती या तिघांच्या मेळातून तो निर्माण होतो. उत्तरकालीन लेखकांनी या अंधाराला वाचा दिली हे खरे; परंतु वाचा देण्याच्या प्रक्रियेत काही गमावलेही.

आरंभीच एक पथ्य सांगितले पाहिजे. पात्राला रुग्ण समजून त्याचे निदान करणे ही मनोविश्लेषणात्मक समीक्षेतील सर्वांत सोपी आणि सर्वांत निष्फळ वाट आहे. ब्रूस वेन याला नेणीव नाही, कारण ब्रूस वेन नावाचा माणूस नाही. नेणिवेची भाषा येथे वापरावयाची आहे ती संहितेच्या वर्तनाविषयी : संहिता कोणत्या प्रसंगाकडे पुन्हापुन्हा वळते, काय सांगते, काय सांगण्याचे टाळते, आणि सांगून झाल्यावरही तिला पुन्हा का सांगावे लागते, एवढ्यापुरतीच.

२

बॅटमॅन प्रथम अवतरला तो ‘डिटेक्टिव्ह कॉमिक्स’च्या २७ व्या अंकात, मे १९३९ मध्ये. बिल फिंगर आणि बॉब केन यांनी निर्मिलेल्या या पात्राला तेव्हा पूर्वेतिहास नव्हता. तो आला सहा महिन्यांनी, ३३ व्या अंकात, अवघ्या दोन पृष्ठांत. चित्रपट पाहून घरी परतणारे आईवडील आणि लहान मुलगा. गळ्यातल्या हारावर डोळा ठेवून आलेला दरोडेखोर. वडिलांचा आणि पाठोपाठ आईचा खून. मग एकदम दुसरे दृश्य : मेणबत्तीच्या उजेडात, बिछान्यापाशी हात जोडून बसलेला मुलगा आईवडिलांच्या आत्म्यांना साक्षी ठेवून शपथ घेतो की, उरलेले आयुष्य तो सर्व गुन्हेगारांविरुद्ध लढण्यात घालवील. पुढच्या चौकटींत तो शास्त्रज्ञ होतो, शरीर कमावतो, आणि एका रात्री खिडकीतून आत आलेल्या वटवाघळात त्याला आपले रूप सापडते.

या दोन पृष्ठांतील काळाची हाताळणी पाहण्यासारखी आहे. खुनाच्या काही क्षणांना अनेक चौकटी मिळतात. त्यानंतरची पंधराएक वर्षे दोन-तीन चौकटींत उरकली जातात. बालपणाचा उरलेला भाग, शोकाचे दिवस, मुलाला कोणी वाढवले, तो कधी रडला, कधी हसला, यांपैकी काहीही संहितेत नाही. शपथ घेणारा मुलगा आणि वटवाघूळ पाहणारा पुरुष यांच्यामध्ये आयुष्य असे घडलेलेच नाही. अंत्यविधीच्या जागी येथे शपथ येते, आणि शपथेचा शब्दार्थ नीट वाचला तर तिची भीषणता ध्यानात येते. मुलगा खुन्याचा सूड घेईन असे म्हणत नाही. सर्व गुन्हेगारांशी लढेन असे म्हणतो. सुडाला शेवट असतो. ‘सर्व’ या शब्दाला शेवट नाही. पूर्ण होऊच शकणार नाही अशी प्रतिज्ञा त्याने केली आहे.

फ्रॉइडने १९२० साली ‘सुखतत्त्वाच्या पलीकडे’ या प्रबंधात पहिल्या महायुद्धातून परतलेल्या सैनिकांच्या स्वप्नांचा प्रश्न उपस्थित केला होता. स्वप्न जर इच्छापूर्ती असेल, तर हे सैनिक स्वप्नात पुन्हापुन्हा त्याच भयंकर क्षणाकडे का परततात? ज्या घटनेसाठी मन तयार नव्हते तिच्यावर मागाहून काबू मिळवण्याचा तो निष्फळ प्रयत्न असावा, असे त्याचे एक उत्तर होते. याच प्रबंधात आपला नातू दोऱ्याला बांधलेली फिरकी पलंगाआड फेकतो आणि ओढून परत आणतो, या खेळाचे निरीक्षणही आहे. आई दूर जाण्याचा जो अनुभव मुलाने मुकाट सोसला, त्याचा खेळात तो स्वतः कर्ता होतो. बॅटमॅनची कथा म्हणजे या खेळाचा विस्तार होय. अंधारी गल्ली, शस्त्र घेतलेला माणूस, असहाय बळी ही मांडणी दर महिन्याला तीच; फक्त आता तेथे वेळेवर पोहोचणारा कोणीतरी आहे. परंतु ज्या रात्री पोहोचायला हवे होते ती रात्र तेवढी कायम हातून निसटलेली असते.

ही पुनरावृत्ती संहितेने लगेचच स्वतःवर लादून घेतली. १९४० च्या वसंत ऋतूत ‘बॅटमॅन’ हे स्वतंत्र नियतकालिक सुरू झाले तेव्हा त्याच्या पहिल्या अंकात हीच दोन पृष्ठे पुन्हा छापली गेली. एप्रिल १९४० च्या ‘डिटेक्टिव्ह कॉमिक्स’मध्ये रॉबिन आला तो आपल्या आईवडिलांचा मृत्यू घेऊनच : सर्कशीतील झोक्याचे दोर आम्लाने कमकुवत करून त्यांचा खून झालेला. बॅटमॅन या मुलाला आसरा देतो, आणि त्याच्याकडूनही मेणबत्तीच्या उजेडात शपथ घेववतो. रॉबिनच्या आगमनाने या मालिकेत उजेड आला असे सर्वसाधारणपणे म्हटले जाते. चित्रांची रंगसंगती पाहता ते खरेही आहे. पण रचनेच्या पातळीवर पाहिले तर एका जखमी मुलाने दुसऱ्या जखमी मुलाला दिलेला आधार हा स्वतःच्या जखमेची प्रत काढण्याच्या रूपातच व्यक्त होतो.

३

१९५४ साली फ्रेड्रिक वर्थम या मानसोपचारतज्ज्ञाचे ‘सिडक्शन ऑफ द इनोसन्ट’ हे पुस्तक प्रसिद्ध झाले. त्याच वर्षी अमेरिकन सिनेटच्या उपसमितीसमोर चित्रकथा आणि बालगुन्हेगारी यांविषयी सुनावण्या झाल्या आणि शरद ऋतूत प्रकाशकांनी स्वतःवर ‘कॉमिक्स कोड’ ही आचारसंहिता लादून घेतली. वर्थमला खलनायक ठरवणे सोपे आहे. हार्लेम वस्तीत गरीब कृष्णवर्णीयांसाठी त्याने चालवलेला मानसोपचार दवाखाना आणि वांशिक विभक्ततेविरुद्धच्या लढ्यातील त्याचा वाटा लक्षात घेता तसे करणे अन्यायाचेही होईल. मात्र त्याच्या खाजगी कागदपत्रांच्या आधारे कॅरल टिली यांनी २०१२ साली केलेल्या अभ्यासातून, मुलांच्या जबान्या त्याने आपल्या सोयीने जोडल्या, तोडल्या आणि बदलल्या, हे स्पष्ट झाले आहे.

समीक्षेच्या दृष्टीने वर्थमची चूक वेगळी आणि अधिक बोधप्रद आहे. या चित्रकथांत काहीतरी अस्वस्थ करणारे आहे हे त्याला जाणवले होते. पण ते कोठे आहे, हे शोधताना तो सुट्या चित्रांकडे गेला : रक्त, सुरी, बांधलेली स्त्री, एकाच घरात राहणारे दोन पुरुष. अंधार हा आशयाचा एक कापून काढता येण्याजोगा तुकडा आहे, अशी त्याची समजूत होती. आचारसंहितेनेही तीच समजूत स्वीकारली. भयसूचक शब्द, पिशाचे, गुन्हेगाराविषयी सहानुभूती, हिंसेचा तपशील यांना तिने मज्जाव केला. चांगल्याचा वाईटावर विजय झालाच पाहिजे, असा नियम घातला.

या आचारसंहितेच्या अंमलाखालीच, सप्टेंबर १९५६ मध्ये, ‘डिटेक्टिव्ह कॉमिक्स’च्या २३५ व्या अंकात बिल फिंगरची ‘द फर्स्ट बॅटमॅन’ ही कथा छापली गेली. तिचे महत्त्व कळण्यासाठी आठ वर्षे मागे जावे लागते. १९४८ च्या ‘बॅटमॅन’च्या ४७ व्या अंकात खुन्याला प्रथमच नाव मिळाले होते : जो चिल. बॅटमॅन त्याच्यासमोर मुखवटा उतरवतो आणि आपण कोण हे सांगतो. घाबरलेला चिल आपल्या साथीदारांकडे धावतो. बॅटमॅन आपल्यामुळेच निर्माण झाला हे ऐकताच ते संतापून त्याला गोळ्या घालतात, आणि मग त्यांच्या ध्यानात येते की बॅटमॅनचे खरे नाव सांगू शकणारा एकमेव माणूस आपण मारला आहे. सूडकथेच्या तर्कानुसार मालिका येथे संपावयास हवी होती. ती संपत नाही. खुनी मेला तरी रात्र संपत नाही, ही गोष्ट संहितेने स्वतःच सिद्ध करून दाखवली.

१९५६ च्या कथेत कारणाची साखळी आणखी एक कडी मागे जाते. चिल हा केवळ भाडोत्री मारेकरी होता. खरा सूत्रधार ल्यू मॉक्सन. आणि त्याहून चमत्कारिक गोष्ट ही की, ब्रूसच्या वडिलांनी एका वेषांतराच्या मेजवानीत वटवाघळाचा पोशाख घातला होता आणि त्याच वेषात मॉक्सनच्या टोळीचा पाडाव केला होता. म्हणजे खिडकीतून आलेले ते वटवाघूळ हा योगायोग नव्हता. मुलाने जे रूप स्वतः शोधले असे मानले, ते विस्मृतीत गेलेले वडिलांचे रूप होते. स्वतःचा पोशाख फाटल्यामुळे ब्रूस अखेरीस वडिलांचा जुना पोशाख अंगावर चढवतो. मॉक्सनला वाटते की मेलेला थॉमस वेनच परत आला आहे. तो भयाने रस्त्यावर धावतो आणि मालमोटारीखाली सापडतो.

नियमांच्या दृष्टीने ही कथा निर्दोष आहे. रक्त नाही, पिशाच नाही, चांगल्याचा विजय झाला आहे. तरीही मृत पित्याचे वस्त्र अंगावर घालून, त्याचेच भूत होऊन मुलाने त्याच्या खुन्याला मरणाकडे लोटावे, यापेक्षा अंधारी कल्पना १९८६ नंतरच्या कोणत्या संहितेत आहे? आचारसंहितेला ती दिसली नाही, कारण ती कोणत्याही एका चौकटीत नव्हती. चौकटी ज्या क्रमाने लावल्या होत्या त्या क्रमात ती होती.

४

येथे काळाचा प्रश्न येतो. सुपरहिरोच्या काळाविषयीचे सर्वांत प्रभावी विवेचन उंबेर्तो एको यांनी १९६२ च्या आपल्या सुपरमॅनविषयक निबंधात केले. १९७२ मध्ये ‘डायक्रिटिक्स’मधील भाषांतरामुळे ते इंग्रजी वाचकांपर्यंत पोहोचले. एको यांच्या मते सुपरमॅनसमोर एक पेच आहे. पुराणपुरुष म्हणून तो अचल राहिला पाहिजे. कादंबरीच्या युगातील नायक म्हणून त्याच्या बाबतीत काहीतरी घडलेही पाहिजे. पण प्रत्येक कृतीने माणूस थोडा खर्च होतो, मृत्यूच्या दिशेने एक पाऊल सरकतो. यावर चित्रकथेने शोधलेला उपाय म्हणजे स्वप्नसदृश काळ : प्रत्येक कथा आधी काही घडलेच नव्हते अशी नव्याने सुरू होते, आणि कोणत्या घटनेनंतर कोणती हे धूसर राहते.

हे विवेचन आजही मूलगामी आहे, पण त्यात एक अपवाद जमेस धरलेला नाही. या धूसर काळात सर्व काही पुसले जाते. आघाताचा क्षण मात्र पुसला जात नाही. तो उलट अधिकाधिक ठळक होत जातो. कालच्या अंकातील साहस नायक विसरतो, ती रात्र विसरत नाही. ज्याच्या बाबतीत काहीच घडून जात नाही अशा माणसाच्या आयुष्यात एकच गोष्ट घडलेली असणे, याला आपण एरवी काय म्हणतो? एको ज्याला पुराणकथेचा काळ म्हणतात तो दुसऱ्या बाजूने पाहिला असता आघाताचाच काळ ठरतो.

चित्रकथेचे माध्यम या काळाला विशेष अनुकूल आहे. स्कॉट मॅकक्लाउड यांनी १९९३ मध्ये दाखवून दिले त्याप्रमाणे चित्रकथेत काळ हा पृष्ठावरील अवकाशात मांडला जातो. कादंबरीत मागे पडलेले वाक्य मागे पडते, चित्रपटातील दृश्य सरकून जाते. पण चित्रकथेच्या पृष्ठावर भूतकाळाची चौकट वर्तमानाच्या चौकटीशेजारी, तिच्याच एवढ्या आकाराची, तिच्याच एवढ्या रंगांची, डोळ्यांसमोर कायम असते.

एको यांचे उदाहरण सुपरमॅनचे होते, म्हणून तिकडेही पाहू. सुपरमॅनचे दुःख बॅटमॅनहून मोठे, कारण त्याचा ग्रहच नष्ट झाला. आणि हलके, कारण तेव्हा तो तान्हा होता. १९३८ च्या पहिल्या कथेत हा विनाश आरंभीच्या एका ओझरत्या उल्लेखात उरकलेला आहे. पण पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस, ज्या काळातील अंक सर्वांत बालिश समजले जातात त्याच काळात, हे दुःख परत येऊ लागते. जुलै १९५८ च्या ‘अ‍ॅक्शन कॉमिक्स’मध्ये कॅन्डॉर हे शहर सापडते : विनाशापूर्वीच चोरून, सूक्ष्म करून बाटलीत भरलेले त्याच्या ग्रहावरील एक जिवंत शहर. सुपरमॅन ती बाटली आपल्या एकांतगृहात ठेवतो. ते शहर पूर्ववत मोठे होईपर्यंत १९७९ साल उजाडले. म्हणजे एकवीस वर्षे जगातील सर्वांत सामर्थ्यवान पुरुषाच्या घरात त्याची मातृभूमी काचेआड होती. ती त्याला पाहता येई, प्रसंगी स्वतः लहान होऊन तिच्यात शिरताही येई, पण परत मिळवता येत नसे.

फ्रॉइडने १९१७ साली शोक आणि विषण्णता यांत भेद केला. शोकात मन गमावलेल्या वस्तूपासून हळूहळू मोकळे होते. विषण्णतेत ती वस्तू आत घेऊन जपली जाते. कॅन्डॉरची बाटली हे विषण्णतेचे इतके नेमके चित्र आहे की त्यावर भाष्य करणे जवळजवळ अनावश्यक ठरते. नोव्हेंबर १९६० च्या ‘सुपरमॅन’च्या १४१ व्या अंकात जेरी सीगल यांनी याच्याही पुढचे पाऊल टाकले. अपघाताने काळात मागे गेलेला सुपरमॅन विनाशापूर्वीच्या आपल्या ग्रहावर उतरतो. तेथे त्याची शक्ती लोपते. तरुण आईवडिलांशी तो ओळख न देता मैत्री करतो, एका अभिनेत्रीच्या प्रेमात पडतो, आणि ग्रह फुटणार हे ठाऊक असूनही अखेरीस तेथेच, त्यांच्यासोबत, मरण्यास तयार होतो. एका अपघातामुळे तो अवकाशात फेकला जातो, नाहीतर कथा तेथेच संपती. अजिंक्य नायकाचे सर्वांत खोल स्वप्न काय, तर सामान्य होऊन आईबापांबरोबर मरण्याचे. आठ-दहा वर्षांच्या मुलांसाठी छापलेल्या अंकात ते कोणतेही स्पष्टीकरण न देता मांडलेले आहे.

५

स्टॅन ली आणि स्टीव्ह डिटको यांच्या स्पायडरमॅनने १९६२ मध्ये या रचनेत एक नवा घटक आणला : अपराधभाव. ऑगस्टच्या ‘अमेझिंग फँटसी’च्या १५ व्या अंकात पीटर पार्कर पळणाऱ्या चोराला, आपले काय जाते म्हणून, अडवत नाही, पुढे तोच चोर त्याच्या काकाचा खून करतो. ब्रूस वेन केवळ साक्षी होता. पीटर काही अंशी कर्ता आहे. त्यामुळे येथे शपथेची जागा दोषाने घेतली आहे.

या कथेच्या शेवटी सामर्थ्याबरोबर जबाबदारीही येते, अशा आशयाचे जे प्रसिद्ध वाक्य आहे, ते त्या मूळ अंकात काका उच्चारत नाही. ते निवेदनपट्टीत आहे, निवेदकाचे आहे. नंतरच्या पुनर्कथनांत ते काकाच्या तोंडी गेले आणि आज बहुतेक वाचकांना ते काकाचेच वाटते. हा स्मृतिदोष अर्थपूर्ण आहे. कोणाचाही नसलेला, वरून येणारा नियमाचा आवाज काळाच्या ओघात मृत पित्याचा आवाज म्हणून आठवला जाऊ लागतो. पराहम् कसा घडतो याचे याहून चांगले उदाहरण शोधूनही सापडणार नाही. आणि येथे तो कोणा एका पात्राच्या मनात घडलेला नसून दोन-तीन पिढ्यांच्या वाचकांच्या स्मृतीत घडला आहे.

जून १९७३ च्या ‘अमेझिंग स्पायडरमॅन’च्या १२१ व्या अंकात (लेखक जेरी कॉन्वे, चित्रकार गिल केन) ही रचना तिच्या टोकाला पोहोचते. पुलावरून फेकल्या गेलेल्या ग्वेन स्टेसीला स्पायडरमॅन आपल्या जाळ्याने वरच्या वर पकडतो. तिच्या मानेजवळ एक छोटासा ध्वनिशब्द लिहिलेला आहे. तो वाचकाला दिसतो, नायकाला ऐकू येत नाही. तिला वाचवल्याच्या आनंदात तो बोलत राहतो. पडण्याने नव्हे तर एकाएकी थांबवल्या गेल्याने तिचा मृत्यू झाला, असा खुलासा संपादकांनी नंतर पत्रव्यवहाराच्या सदरात केला. आघाताच्या पुनरावृत्तीचे मूळ स्वप्न ‘या वेळी मी वेळेवर पोहोचेन’ हे होते. येथे नायक वेळेवर पोहोचतो, आणि पोहोचणे हेच मृत्यूचे कारण ठरते.

या ठिकाणी एक आक्षेप नोंदवणे आवश्यक आहे. ग्वेनचा मृत्यू हा शेवटी पीटरच्या दुःखाचा प्रसंग ठरतो; तिच्या स्वतःच्या आयुष्याचा शेवट म्हणून संहिता त्याकडे पाहत नाही. १९३९ च्या त्या दोन पृष्ठांत वडिलांना नाव आहे, आईला नाही. पुरुषाच्या अंतर्मनाला खोली यावी म्हणून स्त्रीचा बळी देण्याच्या या प्रथेकडे लेखिका गेल सिमोन यांनी १९९९ साली नावानिशी लक्ष वेधले. ‘मानसिक खोली’ या गुणाची स्तुती करताना तिची किंमत कोणी चुकवली हे समीक्षेने विसरता कामा नये.

६

वरील प्रतिपादनावर असे म्हणता येईल की, ही सर्व पुनरावृत्ती व्यापाराची आहे. दर महिन्याला अंक खपला पाहिजे, म्हणून नायक मरत नाही. नवा वाचक सतत येत असतो, म्हणून जन्मकथा पुन्हा सांगावी लागते. हे खरेच आहे. पण एखादी गोष्ट का घडली याचे उत्तर मिळाल्याने तिचा अर्थ संपत नाही. व्यापाराला केवळ पुनरावृत्ती हवी होती. ती बंद न होणारी जखम म्हणूनच का साकारली, हा प्रश्न उरतोच.

तो उरतो हे तुलनेने स्पष्ट होईल. १९६४ पासून निघू लागलेल्या ‘इंद्रजाल कॉमिक्स’मुळे मराठी वाचकाच्या परिचयाचा झालेला ली फॉक यांचा वेताळ १९३६ चा, म्हणजे सुपरमॅनच्याही आधीचा. त्याच्या कुळकथेतही पित्याचा खून आहे, आणि खुन्याच्या कवटीवर हात ठेवून घेतलेली शपथ आहे. तीही अमर्याद आहे. पण वेताळ म्हातारा होतो, मरतो, आणि त्याचा मुलगा तोच पोशाख घालतो. लोकांना तो अमर वाटतो एवढेच. पिढ्या बदलत असल्यामुळे शपथेचा कुळाचार होतो. बॅटमॅनला वय नाही. म्हणून त्याची शपथ कुळाचार होऊ शकत नाही. ती ज्या रात्री घेतली त्या रात्रीइतकीच ओली राहते.

चिरंजीवित्व आणि जखम यांचे हे नाते आपल्याला अपरिचित नाही. कपटाने मारल्या गेलेल्या पित्याचा सूड घेण्यासाठी रात्री बाहेर पडलेला, आणि त्या रात्रीनंतर कपाळावरच्या जखमेसाठी दारोदार तेल मागत फिरणारा अश्वत्थामा आपल्या लोकस्मृतीत आहेच. दोहोंत प्रभावाचे नाते अर्थातच नाही. पण न मरणे हा वर नसून जखम भरू न देण्याचाच एक प्रकार असू शकतो, ही जाण महाभारताच्या वाचकाला नव्याने करून द्यावी लागत नाही.

आता १९८६ कडे परत येता येईल. ‘डार्क नाइट रिटर्न्स’मध्ये मिलर त्या रात्रीचे विच्छेदन करतात : आईच्या गळ्यातील मोत्यांची माळ तुटण्याचा क्षण लहानलहान निःशब्द चौकटींत फुटत जातो. ‘वॉचमेन’च्या सहाव्या प्रकरणात तुरुंगातील मानसोपचारतज्ज्ञ रोर्शाकपुढे शाईचे डाग ठेवतो, रोर्शाक फुलपाखरू दिसते असे सांगतो, पण त्याला दिसते ते डोके दुभंगलेले कुत्रे. प्रकरण संपते तेव्हा डागात अर्थ शोधणारा तज्ज्ञ स्वतः अर्थशून्य काळोखासमोर बसलेला असतो. वर्थमला तीस वर्षांनी मिळालेले हे उत्तर आहे असेही म्हणता येईल. या संहितांची थोरवी निर्विवाद आहे. पण त्यांच्या यशातून एक सवय पसरली : आघात हे पात्राचे स्पष्टीकरण मानावयाचे. मूर आणि ब्रायन बोलंड यांच्या १९८८ च्या ‘द किलिंग जोक’मध्ये एक वाईट दिवस माणसाला वेडा करण्यास पुरतो हा सिद्धांत जोकर मांडतो आणि कथा तो खोटा ठरवू पाहते, अनुकरणकर्त्यांनी सिद्धांत तेवढा उचलला. अभिजात अंकांत जखम स्पष्टीकरण देत नव्हती. ती केवळ परत येत होती, आणि का परत येते हे संहितेलाही ठाऊक नव्हते. तिचे सामर्थ्य या न-कळण्यात होते.

याचा अर्थ त्या अंकांना केवळ व्याधीच माहीत होती असा नव्हे. मार्च १९७६ च्या ‘डिटेक्टिव्ह कॉमिक्स’च्या ४५७ व्या अंकात डेनिस ओ’नील आणि डिक जिओर्दानो यांनी एक छोटी कथा केली. दर वर्षी त्या तिथीला बॅटमॅन त्या गल्लीत जातो. तेथे लेस्ली थॉम्पकिन्स नावाची एक वृद्ध स्त्री राहते. त्या रात्री खुनानंतर एकट्या पडलेल्या मुलाला तिने जवळ घेतले होते. तो मुलगाच आज समोर उभा आहे हे तिला ठाऊक नाही. जे पाहिले त्यामुळे, तसे पुन्हा कोणाच्या वाट्याला येऊ नये म्हणून, ती त्या वस्तीतच राहून माणसांची कामे करीत आली आहे. त्या एका रात्रीचे दोन साक्षीदार येथे समोरासमोर येतात. एकाने शपथ घेतली आणि त्याचा काळ थांबला. दुसरीने शपथ घेतली नाही, आणि ती म्हातारी झाली.

बॅटमॅनच्या सदतीस वर्षांच्या कथेत त्या रात्रीला भूतकाळ होऊ देणारी व्यक्ती प्रथमच येथे भेटते. अंक संपताच तो पुन्हा काळोखात निघून जातो, कारण पुढच्या महिन्याचा अंक निघावयाचा असतो. पण ती गल्लीतच राहते. १९८६ पूर्वीच्या या स्वस्त, अल्पायुषी अंकांचे पुनर्वाचन करणाऱ्या अभ्यासकाने नायकाच्या पाठीमागे न जाता काही वेळ तेथे थांबून पाहावे.